चिमट्यांच्या पिंपावरचा पत्ता

न्हाणीघरातल्या बॉयलरने ‘टक्’ केलं आणि मी श्वास रोखला. पाळण्यात वुकानने ओठ हलवले, मूठ उघडली, मिटली, आणि पुन्हा झोपला. पाऊण तास खांद्यावर घेऊन फिरल्यावर झोपलेलं सात महिन्यांचं बाळ घरात असलं की बॉयलरसुद्धा वैरी वाटायला लागतो.

दीड वाजायला दहा मिनिटं होती. तीन वाजता दुकान बंद होणार होतं, कायमचं.

दुकान रस्त्यावरचं नव्हे. टीव्हीखाली ठेवलेल्या, एकेकाळी पांढऱ्या आणि आता पिवळट पडलेल्या खेळाच्या यंत्रातलं. नवे खेळ विकणं कंपनीने केव्हाच थांबवलं होतं. पूर्वी घेतलेले खेळ तेवढे परत उतरवून घेता येत होते, आणि तेही आजच्या गुरुवारी तीनपर्यंत. उद्या दुपारी बाबा रुग्णालयातून घरी येणार होते. बाबांची कबुतरं मी पुसून टाकली होती आणि बाबांना ते माहीत नव्हतं.

बाहेर तिसऱ्या दिवशीही कोशावा सुटलेला होता. हा वारा आमच्या पांचेवो शहरात शिरला की तीन दिवस राहतो, नाहीतर सात. खिडक्या थरथरत होत्या, गच्चीतली दोरी वाळत घातलेल्या लंगोटांसकट शिट्ट्या मारत होती. एका जागी बसवत नव्हतं. मी उठत होते, स्वयंपाकघरात जात होते, काही न घेता परत येत होते.

“आई, तू सारखी का फिरतेस?” दारिंकाने विचारलं. साडेपाच वर्षांची माझी मुलगी टीव्हीपासून चार पावलांवर बसली होती. मी आखून दिलेली ती हद्द होती.

“हळू बोल. वुकान उठेल.”

“मी हळूच बोलले. वाराच मोठ्याने बोलतोय.”

झालं होतं ते असं. आमच्या यंत्राची भाषा जर्मन आहे. चौदा वर्षांपूर्वी माझ्या धाकट्या भावाने, तादियाने, ते पहिल्यांदा लावलं तेव्हा देशांच्या यादीत सर्बिया नव्हताच. मग दुकानात शिरायचं तर कुठल्या तरी दुसऱ्या देशाचं व्हावं लागे. आमच्या इमारतीत त्या वर्षी पहिल्या मजल्यावरचे बेल्जियन झाले, समोरचे ऑस्ट्रियन, आम्ही जर्मन. तादियाने तेव्हा आणखी काय दाबलं देव जाणे, यंत्र जर्मन बोलायला लागलं आणि तसंच बोलत राहिलं. घरात कुणालाच जर्मन येत नाही. आम्ही जागेवरून ओळखायचो. डावीकडे नाही, उजवीकडे हो. बाबा तर त्या यंत्रात डोळे मिटून फिरायचे.

गेल्या आठवड्यात दारिंकाला मैत्रिणीकडून नाचाच्या खेळाची तबकडी मिळाली. यंत्राने काहीतरी लांबलचक सांगितलं. वुकान अंगावर पीत होता, माझा एकच हात मोकळा होता. मी उजवीकडचं दाबलं. मग लाल अक्षरांत आणखी काहीतरी आलं. मी पुन्हा उजवीकडचं दाबलं. यंत्र क्षणभर काळं झालं आणि नव्या पाटीसारखं कोरं होऊन समोर आलं. त्यात बाबांचा कबुतरखाना नव्हता.

त्या खेळाला तबकडी नाही. तो कुणी बनवला तेही आम्हाला ठाऊक नाही. तादियाने तो दुकानातून उतरवला होता, बाबांसाठी. आईच्या आजारपणात गावचं घर विकून आम्ही इथे कोतेझ वस्तीत चौथ्या मजल्यावर आलो तेव्हा बाबांनी आपली सगळी कबुतरं वाटून टाकली. गिरक्या घेत उडणारी, तासन्‌तास उंच राहणारी जात होती त्यांची. इमारतीच्या समितीने सांगितलं, गच्चीत फुलं लावा, कबुतरं नकोत. बाबांनी फुलंही लावली नाहीत. ते नुसते खिडकीत उभे राहायचे.

खेळात एक लाकडी कबुतरखाना होता आणि आकाश होतं. दार उघडायचं, थवा सोडायचा. मग खऱ्या घड्याळाप्रमाणे वाट बघायची. तास, दोन तास, कधी तीन. यंत्र बंद केलं तर आकाशही थांबायचं आणि कबुतरं होती तिथेच राहायची. म्हणून बाबा शेवटचं कबुतर उतरल्याशिवाय यंत्र बंद करू द्यायचे नाहीत. आणि शेवटचं कबुतर उतरल्याशिवाय जेवायचे नाहीत. गावीही तसंच असायचं, इथेही तसंच.

“बटणांची कबुतरं आणि खरं सूप गार!” आई ओरडायची.

“थांब गं, बेलका राहिलीय अजून,” बाबा म्हणायचे.

आई गेली. तादिया कॅनडात विनिपेगला गेला. बेलकाला पिल्लं झाली, त्यांना पिल्लं झाली. सात आठवड्यांपूर्वी एका सकाळी बाबा त्या यंत्रासमोरच खुर्चीतून कलंडले. उजवी बाजू गेली. पहिले दोन दिवस रुग्णालयात त्यांनी तोंडच उघडलं नाही, चमचा आणला की मान फिरवायचे. डॉक्टर म्हणाले, गिळता येत नसेल, आणि काही आठवडे नळी घातली. वाचेचं म्हणाल तर एकच शब्द उरला होता. ‘बरं.’ दुखतंय का? बरं. पाणी हवं? बरं. मी निघते आता, बाबा. बरं. ते हो म्हणतायत, नाही म्हणतायत की शिव्या देतायत, काही कळायचं नाही. व्यायाम शिकवणारी बाई म्हणाली, घरी गेल्यावर त्यांना आवडीचं काहीतरी डाव्या हाताने करू द्या, नाहीतर हा माणूस भिंतीकडे तोंड करून पडून राहील.

तेवढ्यासाठी मी आज बसले होते.

दारावर नखाने टकटक झाली. खालच्या मजल्यावरची रूझा मावशी सपाता हातात घेऊन आत आली. बाळाच्या घरात कसं यायचं ते तिला माहीत होतं. तिने एकतीस वर्षं उल्म शहरात एका शाळेचं स्वयंपाकघर सांभाळलं होतं.

“एकतीस वर्षं जर्मनांच्या पोरांना वाढलं,” ती कुजबुजली, “आता तुझ्या बापाच्या कबुतरांना वाढते. कुठंय चष्मा? हां, डोक्यावरच. वाच म्हणतेस ना? ‘हे यंत्र आम्हाला ओळखीचं आहे.’ बघ, ओळखतो तो तुम्हाला! ‘आपलं पूर्वीचं खातं जोडण्यासाठी देश, टपालाचा क्रमांक आणि जन्मतारीख द्या. तीन वेळा चुकल्यास चोवीस तास थांबा.’”

“चोवीस तासांनी दुकानच नसेल.”

“मग चुकू नकोस.”

जन्मतारीख मला ठाऊक होती. तादिया तेव्हा सोळाचा होता, त्याने बाबांची लावली होती. देश जर्मनी. क्रमांक श्टुटगार्टच्या स्तोयांका आत्याचा असणार, दुसरं आमचं जर्मनीत होतं कोण? मी रिमोटने एकेका आकड्यावर बोट दाखवत तो टाकला. रिमोट वळेल तिकडे पडद्यावरचा पांढरा पंजा सरकत होता.

लाल चौकट आली.

“एक गेला,” रूझा मावशी म्हणाली.

मी तादियाला फोन लावला. तिकडे सकाळचे साडेसहा वाजले होते. तो बेकरीतून रात्रपाळी संपवून घरी येतो त्या वेळी. दोन वेळा वाजून बंद झाला. तिसऱ्यांदा उचलला.

“ताई? बाबा...?”

“बाबा ठीक आहेत. उद्या घरी येतायत. तू यंत्रात पत्ता कुठला टाकला होतास?”

“कुठल्या यंत्रात?” मग एक लांब जांभई. “तू मला ह्यासाठी फोन केलास? काळजात धस्स झालं माझ्या!”

“तादिया, मी बाबांची कबुतरं पुसली.”

जांभई अर्ध्यावर थांबली. “सगळी?”

“सगळी. आत्याचा क्रमांक चालत नाहीये.”

“आत्याचा कसा चालेल? आत्याने टाकूच दिला नव्हता! म्हणाली, माझ्या पत्त्यावर पोलीस आले तर माझं नागरिकत्व जाईल. आठव की, केवढी रडारड. मग मी पिंपावरून घेतला.”

“कुठलं पिंप?”

“धुण्याच्या पावडरचं. आत्याच जर्मनीहून आणायची ना, पुठ्ठ्याचं, ह्या एवढं. आईला इकडच्या पावडरीने कपडे धुतलेले चालायचे तरी का? त्याच्यावर कारखान्याचा पत्ता होता. आईने फेकलं असेल.”

आई फेकणारी नव्हती. आइस्क्रीमच्या डब्यात आईने कधी आइस्क्रीम ठेवलं नाही, बिस्किटांच्या डब्यात बिस्किटं ठेवली नाहीत. मी वळून दारिंकाकडे बघितलं. पावडरच्या त्या पिंपात आई कपड्यांचे चिमटे ठेवायची, म्हणून मीही ठेवत होते. आणि गेला तासभर माझी मुलगी त्याच्यावर बसली होती.

“ऊठ, राणी.”

“का? मी हद्दीच्या मागेच आहे.”

“ऊठ गं, सांगतेय ना!”

ती ओठ पुढे काढून उठली. मी पिंप उचलून खिडकीपाशी नेलं. गच्चीतल्या उन्हाने निळा रंग दुधाळ झाला होता. बुडाकडे, पत्र्याच्या कडेला लागून, बारीक अक्षरांची एक ओळ. रूझा मावशीने गुडघ्यावर बसून ती वाचली, एकेक आकडा, बोट ठेवून. चार आकडे. नंतर गावाचं नाव.

“पाचवा पुसलाय का?”

“पाचवा नव्हताच पोरी. ही बर्लिनची भिंत पडायच्या आधीची पावडर आहे. दोन्ही जर्मनी एक झाल्या, मग टपालवाल्यांनी पाच आकडे केले. तेव्हा उल्ममध्ये सहा महिने सगळ्यांची पत्रं भलतीकडेच जात होती.”

पडद्यावर पाच चौकोन होते. फोनवर तादिया श्वास घेत होता.

“हो, हो,” तो म्हणाला. “एक कमी पडत होता. शेवटी एक लावला आम्ही. शून्य असेल. मी असतो तर शून्यच लावला असता.”

“म्हणजे तू नव्हतास?”

“मीच होतो गं. शून्य टाक.”

मी शून्य टाकलं. लाल चौकट आली.

“दोन,” रूझा मावशी पुटपुटली आणि तिने हळूच छातीवर क्रूसाची खूण केली.

मग आम्ही भांडलो. कुजबुजत, बाळ उठेल म्हणून. आठ हजार किलोमीटरवरून तोही कुजबुजत होता, त्याच्याकडे कुणी झोपलेलं नसताना. मी म्हटलं, तुला कधी काही धड आठवत नाही. तो म्हणाला, तुला वाचता येत नाही तिथे तू उजवीकडचं का दाबतेस? मी म्हटलं, दोन मुलं सांभाळून बघ. तो म्हणाला, बाबांजवळ कोण आहे ह्याचा हिशोब तू मला ऐकवू नकोस, ताई. मी तो ऐकवलाच नव्हता. पण त्याला ऐकू आला होता.

वाऱ्याने दोरीवरचा एक लंगोट उडवून काचेवर आपटलं.

“बाबांनी सांगितला होता,” तादिया एकदम म्हणाला. वेगळ्या आवाजात. “आत्ता आठवलं. ते मागे बसले होते, बिया सोलत. मी म्हटलं, बाबा, एक आकडा सांगा कुठलाही. त्यांनी सांगितला. कुठला, ते नाही आठवत. देवाशपथ नाही आठवत.”

सव्वादोन वाजून गेले होते.

तादियाला तसाच ठेवून मी मावशीच्या फोनवरून रुग्णालयात लावला, तो सिस्टरने उचलला. मी म्हटलं, झिवोयिन बाबांना द्या, त्यांची मुलगी बोलतेय. ती म्हणाली, जेवून पडलेत, उद्या येतायतच की घरी. मी म्हटलं, उद्या उशीर होईल. माझ्या आवाजात काय होतं कोण जाणे, तिने पुढे काही विचारलं नाही. सपातांचा आवाज, दार, मग बाबांचा श्वास.

मी न्हाणीघरात शिरून दार लावून घेतलं. उद्या समोरासमोर सांगायचं, आधी कबुतरं आणायची आणि मग हसत हसत सांगायचं, असं मी ठरवलं होतं.

“बाबा, मी यागोदा. तुमचा कबुतरखाना माझ्या हातून पुसला गेला. मी न वाचता दाबलं. यंत्रात आता काही नाही.”

“बरं,” बाबा म्हणाले.

त्या ‘बरं’मध्ये मी किती वेळ काय काय शोधलं! फोन कानाला इतका दाबला होता की कान दुखत होता.

“तो परत आणता येईल. पण तादियाने तेव्हा तुम्हाला एक आकडा विचारला होता. जर्मन पत्त्याला लावायला. कुठला सांगितला होतात?”

“ब... बरं.” मग घशातून एक धडपड. “बरं. बरं!”

सिस्टरने फोन घेतला. “असं नाही येणार त्यांना. एकटा आकडा नाही येत. पण मोजायला लावलं की येतं, रोज सकाळी व्यायामाला मोजतात ते माझ्याबरोबर. थांबा हं. झिवोयिन काका, चला, मोजायचं. एक...”

“एक,” बाबांचा आवाज आला. जाड, जिभेत अडकलेला, पण आकडा. “दोन. तीन. चार.” माझ्या पाठीमागे बॉयलर तापत होता. “पाच. सहा. सात.”

थांबले.

“आठ,” सिस्टरने पुढे ढकललं.

“बरं!” बाबा खेकसले. आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली, एक, दोन, तीन, रागारागाने, लवकर लवकर, आणि सातवर येऊन थांबले.

मी धावत बाहेर आले. चार आकडे पिंपावरचे, शेवटी सात. बोट दाखवताना रूझा मावशीने माझं मनगट खालून धरून ठेवलं होतं.

चौकट हिरवी झाली.

दारिंकाने टाळी वाजवली आणि वुकान किंचाळत उठला. मी त्याला कडेवर घेतलं, कुणी रडतंय त्याची मला पर्वा नव्हती. यादीत तीन खेळ होते. तिसरा बाबांचा. उतरवायचं दाबल्यावर एक छोटी पट्टी आली आणि ती गोगलगायीच्या वेगाने भरायला लागली. दोन पंचवीसला एक पंचमांश. दोन चाळीसला निम्मी. इमारतीतले दिवे वाऱ्याने एकदा लुकलुकले तेव्हा मावशी इतकं वाईट काहीतरी जर्मनमध्ये बोलली की अर्थ न कळताही मी दारिंकाचे कान झाकले. दोन बावन्नला पट्टी भरली. तादिया अजून फोनवर होता, मी विसरूनच गेले होते.

“आलं का?” तो म्हणाला.

“आलं.”

“झोपतो मग मी,” तो म्हणाला, पण फोन ठेवला नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी माझा नवरा रेल्या आणि खालचा एक शेजारी, दोघांनी मिळून बाबांना चौथ्या मजल्यावर आणलं. बाबा बारीक झाले होते, शर्टाची कॉलर मानेपासून सुटलेली. रेल्याने त्यांना टीव्हीसमोरच्या त्यांच्या खुर्चीत बसवलं. मी कोंबडीच्या सुपाची ताटली समोरच्या स्टुलावर ठेवली. रूझा मावशी भाजलेल्या मिरच्या घेऊन दारातच उभी राहिली, आत येईना.

मी यंत्र लावलं. लाकडी कबुतरखाना आला. सगळे कप्पे रिकामे होते. एका कोपऱ्यात दोन राखाडी कबुतरं, नवीन खेळणाऱ्याला मिळतात ती. खेळ परत आला होता. चौदा वर्षं यंत्राच्या पोटातच साठत गेली होती, दुकानात त्यांची नोंद नव्हती. काल पट्टी भरल्यावर मी ते बघितलं होतं आणि कुणालाच बोलले नव्हते.

बाबा बघत राहिले. रेल्या बूट काढायचं विसरून उभा होता.

“बरं,” बाबा म्हणाले.

डाव्या हाताने त्यांनी रिमोट घेतला. पांढरा पंजा पडद्याबाहेर गेला, परत आला, दारावरून घसरला, पुन्हा वर चढला. जर्मनमध्ये प्रश्न आला. त्यांनी उजवीकडचं दाबलं. दार उघडलं आणि दोन्ही कबुतरं वर गेली.

मग त्यांनी सुपाच्या ताटलीवर दुसरी ताटली उपडी घातली. आम्ही सगळे बसून राहिलो. पन्नास मिनिटं. वाराही त्या दिवशी पडला होता. पहिलं उतरलं. बऱ्याच वेळाने दुसरं. बाबांनी वरची ताटली काढली, डाव्या हातात चमचा धरला, अर्धं सूप शर्टावर सांडलं आणि अर्धं खाल्लं. मावशी दारात हुंदके देत होती आणि मिरच्या तिरक्या होत होत्या. मला वाटलं, झालं. मिटलं. आता बसावं जरा.

दारिंका तिच्या पिंपावर बसली होती. पाय हलवत होती, टाच पुठ्ठ्यावर आपटत होती.

“आजोबा पडले ना, त्या सकाळी त्यांनी सगळी सोडली होती,” ती म्हणाली. “मी मोजली. चौतीस. मग ते पांढरे कपडेवाले काका आले आणि माझ्या बाबांनी टीव्हीची आणि यंत्राची वायरच काढली.”

बाबांचा चमचा थांबला. मला रुग्णालयातले ते पहिले दोन दिवस आठवले. चमचा आणला की फिरणारी मान, खिडकीकडे बघणारे डोळे, मग नळी.

“आई, तू पुसलंस तेव्हा ती वरच होती. हो ना?” दारिंकाने टाच आपटायची थांबवली. “मग आता ती कुठे उतरणार?”